करंड्यातला तास

मालवणच्या बाजारात मला अजून कोणीतरी थांबवतं आणि हळू आवाजात विचारतं, "नलूताई, एखादो तास मिळात काय गो?" जणू मी पदराआड तास घेऊन फिरते. मी सांगते, कारखान्यात जा, मेस्त्रींचा मुलगा आता सगळं बघतो, तो करून देईल. पण तास तुमचाच लागेल. एवढं ऐकल्यावर निम्मे लोक भाजीकडे वळतात.

कोळंबच्या पुढे, सर्जेकोटकडे जाणाऱ्या रस्त्याला आमचा कारखाना. कारखाना म्हणजे माडांच्या सावलीतला एक लांबट मांगर, कौलारू शेड म्हणा, त्यात दोन लेथ, रंगीत लाखेच्या कांड्यांची फळी आणि कोपऱ्यात केवड्याच्या पानांचा भारा. तिथे लाखेचे करंडे होतात. दिसायला देवघरातल्या कुंकवाच्या करंड्यासारखेच, लाल-पिवळ्या पट्ट्यांचे. आमच्या करंड्यात मात्र वेळ भरलेला असतो.

वेळ नव्याने करता येत नाही. इकडचा तिकडे नेता येतो, एवढीच आमची कला. ज्याला पुढे कधीतरी जादा तास हवा असेल, त्याने आज एक तास द्यायचा. पांगाऱ्याचं लाकूड लेथवर फिरवून करंडा कोरायचा, त्याला लाखेचे हात द्यायचे आणि शेवटचा हात देताना गिऱ्हाइकाला समोर पाटावर बसवायचं. त्याने तळवा लेथच्या बैठकीवर टेकायचा. लाकूड फिरतं, लाख घासून तापते, वितळून पसरते आणि तिच्याबरोबर त्या माणसाचा वेळ आत उतरतो. त्याला काहीच कळत नाही. तो पापणी मिटून उघडतो, तर भिंतीवरची उन्हाची तिरीप सरकलेली असते. मग केवड्याच्या पानाने करंडा चकचकीत करायचा आणि झाकण बसवायचं.

पुढे गरज पडेल तेव्हा झाकण हळूहळू फिरवत उघडायचं. करंडा जिथे असेल तिथे साधारण घराच्या अंगणाएवढ्या जागेत तो तास पसरतो. त्या जागेत जे असतील त्यांना तासभर मिळतो आणि बाहेरचं जग तेवढा वेळ जागच्या जागी थांबतं. तास संपला की करंडा रिकामा. मग त्यात लवंगा ठेवा नाहीतर बटणं. झाकण घाईने ओढलं तर मात्र तास भसकन निघून जातो आणि हाती पाच-दहा मिनिटं येतात. म्हणून महत्त्वाच्या कामाला लोक कारखान्यातलं कोणीतरी सोबत नेत, आणि भरलेले करंडे लागेपर्यंत आमच्याच फळीवर ठेवत.

गेलेला वेळ परत मिळवून द्या म्हणणारेही येत. मेस्त्री त्यांना बसवून चहा देत आणि तसेच परत पाठवत. त्यांच्याबद्दल मी इथे जास्त लिहिणार नाही.

हे मेस्त्री म्हणजे भिकाजी मेस्त्री, कारखान्याचे मालक. माझे वडील आणि ते एकाच शाळेत शिकलेले. लग्न होऊन मी मसुऱ्याला गेले, नवरा शाळेत मास्तर, आणि मला घरात बसवेना. वडिलांनी शब्द टाकला. बाईमाणसाला लेथवर उभं करायचं म्हणजे त्या काळी मेस्त्रींना चार माणसांची बोलणी खावी लागली असतील, पण त्यांनी ती माझ्यापर्यंत येऊ दिली नाहीत. मला फक्त एवढंच म्हणाले, "नलू, केस घट्ट बांध. लेथ कोणाचो नाय."

शेवटचा हात देण्याचं काम पुढे माझ्याकडेच आलं. त्यामुळे वेळ देत असलेल्या माणसांचे चेहरे मी जेवढे पाहिले, तेवढे क्वचितच कोणी पाहिले असतील. डोळे उघडे, पण माणूस कुठेच नाही. भांडकुदळ बाई असो की तोऱ्यातला पुढारी, त्या तासात सगळ्यांचे चेहरे झोपलेल्या मुलासारखे होत. गिऱ्हाइकाचा तास पापणी लवावी तसा जाई. माझा मात्र पुरता तासभर, उभ्याने. माझे गुडघे आता त्याच तासांबद्दल बोलतात. आणि खंत म्हणाल तर तीही तिथलीच. लोकांचे तास मी जपून भरले, पण माझे ते उभ्याचे तास कुठल्याच करंड्यात गेले नाहीत.

गिऱ्हाइकं एकेक तऱ्हेची. सावंतवाडीकडचे एक कंत्राटदार होते. ते गाडीतून उतरले, सोबत ड्रायव्हर. म्हणाले, "तीन करंडे भरा. हा बसेल." आणि ड्रायव्हरला पुढे केलं.

मेस्त्रींनी विचारलं, "उघडणार कोण?"

"मीच. मला वेळ कमी पडतो."

"मग तुम्हीच बसायचं. दुसऱ्याने आपणहून दिला तर गोष्ट वेगळी, हुकमाने बसवलेल्याचा वेळ भरत नाही आम्ही."

"अहो, याला पगार देतो मी."

"पगार कामाचा देता," मेस्त्री शांतपणे म्हणाले, "आणि इथे काम काहीच नाही."

कंत्राटदार आधी चिडले, मग बसले. तीन दिवस ओळीने आले. ते पाटावर हरवलेले असताना ड्रायव्हर माडाखाली पथारी टाकून छान घोरत असे. शुद्धीवर आले की कंत्राटदार पहिला प्रश्न विचारत, "काही झालं का मधे?" आणि ड्रायव्हर डोळे चोळत सांगे, "काय नाय, साहेब."

ओरोसला सरकारी कचेरीत नोकरी करणारे एक भाऊसाहेब तर आमचे कायमचे. ते शनिवारची दुपार देऊन सोमवारची सकाळ घ्यायचे. सोमवारी पहिल्या बसच्या आधी त्यांना एक तास जादा झोप हवी असे, दुसरं काही नाही. मी एकदा विचारलं, "शनिवारी दुपारीच का नाही झोपत?" ते गंभीरपणे म्हणाले, "ताई, शनिवारच्या झोपेला सोमवारच्या झोपेची चव नाही."

आणि इंदूकाकी. कारखान्याच्या मागच्याच घरात राहायची. नवरा गेलेला, एकुलता एक मुलगा महेश बोटीवर. बोट म्हणजे मोठी, परदेशी जाणारी. त्याची रजा थोडी, त्यात निम्मी रजा मुंबईत कागदपत्रं आणि डॉक्टर यांत संपायची. घरी उरायचे मोजके दिवस. म्हणून काकी पावसाळ्यात दुपारचं जेवण आटोपून यायची आणि त्याच्या रजेसाठी तास भरून ठेवायची. म्हणायची, "माका येळ काय करूचो आसा? घरात बसान भिंतीच बघूच्या." महेश आला की जाण्याच्या आदल्या दिवशी ती करंडे उघडायची. बाकीच्या गावाला तो एक दिवस दिसे, त्या दोघांना तो थोडा लांब मिळे.

आता ज्या दिवसासाठी हे लिहायला बसले, त्याच्याकडे येते.

नारळी पौर्णिमा होऊन मासेमारी नुकती सुरू झाली होती. माझा धाकटा भाऊ अनंता सर्जेकोटला राहतो, त्याची छोटी फायबरची होडी आहे. सकाळी तो आणि एक खलाशी जाळी घेऊन गेले होते. दुपारनंतर वारा फिरला. मी लेथवर असताना अनंताच्या बायकोचा, सुनंदाचा फोन आला.

"ताय, होडी पलटी झाली. खाडीच्या तोंडार. खलाशी पोहत इलो, हे नाय इले."

मी लेथ बंद केला. मेस्त्रींनी माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "कोण?"

"अनंता."

बंदरातल्या होड्या शोधाला गेल्या होत्या. खलाशी एका रिकाम्या कॅनला धरून तोंडवळीच्या किनाऱ्याला लागला होता, अनंता त्याच्या डोळ्यांदेखत लाटेआड गेला होता. सूर्य कलला होता. अंधार पडला की शोध थांबणार, हे किनाऱ्यावर वाढलेल्या माणसाला कोणी सांगावं लागत नाही. उठलेल्या समुद्रात काळोखात माणसाचं डोकं दिसत नाही.

माझी नजर भरलेल्या करंड्यांच्या फळीवर गेली, आणि मी ती लगेच खाली घेतली. तिथे होतं ते सगळं लोकांचं. कोणी कशासाठी तास दिला आहे, हे मला एकेकाचं ठाऊक होतं. माझ्या भावासाठी तो मागायला माझी जीभ उचलेना. आणि न विचारता करंड्याला हात लावायचा नाही, हा मेस्त्रींचा नियम मीच नव्या माणसांना शिकवत आले होते.

मेस्त्रींनी फोन काढला. पहिला भाऊसाहेबांना. मला त्यांचा आवाज ऐकू येत होता. मेस्त्रींनी अर्धं सांगितलं तोवर ते म्हणाले, "उघडा. विचारताय काय? उघडा." मी त्यांचा करंडा माझ्या पिशवीत घातला.

मग कंत्राटदारांना. घंटी वाजत राहिली. पुन्हा लावला, पुन्हा तेच. त्यांचे तीन करंडे फळीवर तसेच राहिले. माझा त्यांच्यावर राग नाही, माणूस कामात असतो. पण त्या वेळी ती घंटी मी एकेक मोजत होते, हेही खरं.

तेवढ्यात मागच्या दाराने इंदूकाकी आली. बातमी वाडीत फिरली होतीच. तिने कोणाला काही विचारलं नाही. फळीवरचे तिचे दोन करंडे उचलले आणि माझ्या पिशवीत टाकले.

"काकी, महेशच्या रजेचे ना ते?"

"रजा परत मिळात," ती म्हणाली. "अनंता आज मिळाक व्हयो. जा तू."

मला रडू येत होतं. तिने माझ्या पाठीवर थाप मारली आणि जवळजवळ ढकलतच बाहेर काढलं.

बंदरावर पांडू तांडेल होडी घेऊन थांबला होता. हा आमच्या वाडीतला सगळ्यात जुना नावाडी, वडिलांच्या वेळेपासून समुद्रावर जाणारा. मेस्त्रींनी त्याला फोन केला होता. मी चढले आणि आम्ही खाडीच्या तोंडाकडे निघालो. पाणी तांबूस झालं होतं. मी लहानपणापासून होडीत बसलेय, पण त्या दिवशी दोन्ही हातांनी पिशवी धरल्यामुळे मला आधाराला हातच उरला नव्हता.

होडी पलटली त्या जागी पोचल्यावर पांडू म्हणाला, "उघड आता."

मी भाऊसाहेबांच्या करंड्याचं झाकण फिरवलं. दर दोन मिनिटांनी केसभर, यापेक्षा जास्त नाही. लाखेचा वास आला आणि समुद्र थांबला.

हे मी पूर्वी कधी पाहिलं नव्हतं. करंडे आम्ही भरायचो, उघडायचे लोक, तेही घरात, लग्नात, दवाखान्यात. समुद्रावर करंडा कोणी उघडल्याचं माझ्या ऐकण्यात नव्हतं. आमच्या होडीभोवतीचं पाणी तेवढं हलत होतं. त्यापलीकडे लाटा उभ्या होत्या, टेकड्यांसारख्या, माथ्यावरचा फेस तसाच. शोधाला आलेल्या दुसऱ्या होड्या तिरक्या थांबल्या होत्या, आणि त्यातली माणसं कपाळावर हात धरून आमच्याकडे पाठ करून उभी. सूर्य पाण्यापासून हातभर वर अडकलेला.

वाऱ्याचा आवाज गेल्यामुळे इंजिनाचाच काय तो आवाज. आम्ही एकेका लाटेच्या मागे जाऊन बघत होतो. एरवी लाट पुढे सरकली की मागचं दिसतं, इथे प्रत्येक लाटेला वळसा घालावा लागत होता. जाळ्याचा तुकडा दिसला, एक चप्पल दिसली. चप्पल अनंताची नव्हती, तरी मी ती उचलून होडीत ठेवली. का, ते मला सांगता येणार नाही.

तो तास संपला. एकदम वारा कानात शिरला, लाट आदळली आणि आम्ही दोघं भिजलो.

पांडूने पाण्याकडे बघितलं. "ओहोटी लागली हा. पाणी भायेर ओढता. तो हय नाय, फुडे गेलो आसतलो."

मी काकीचा पहिला करंडा उघडला. आम्ही बाहेर, उघड्या समुद्राकडे निघालो. पुन्हा ते उभे डोंगर, पुन्हा वळसे. लक्ष झाकणावर ठेवायचं आणि नजर पाण्यावर, हे दोन्ही मला साधत नव्हतं. पांडू म्हणाला, "तू झाकण बघ. पाणी मी बघतंय." मग मी खाली मान घालून केवळ झाकण बघत राहिले. असा तास माझ्या आयुष्यात दुसरा नाही. तो करंडाही संपला.

दुसरा मी लगेच उघडला नाही, आधी बोटं पदराला पुसली. पांडूने इंजिन हळू केलं आणि वाट बघितली. घाई कर म्हणाला नाही. त्याबद्दल मी त्याची आयुष्यभर ऋणी आहे. त्या क्षणी तो ओरडला असता तर झाकण माझ्या हातून निसटलं असतं.

त्या तासाच्या मध्यावर कधीतरी मला एका लाटेच्या पोटात पिवळं काहीतरी दिसलं. जाळ्याचा बोया असेल असं वाटून मी नजर वळवली. पांडूने मात्र होडी वळवली.

"गावलो," तो म्हणाला.

अनंताचा पिवळा शर्ट. तोंड वर, केस पाण्यात पसरलेले, एक हात लाटेबाहेर, बोटं वाकडी. काचेत बसवल्यासारखा स्तब्ध. होडी जवळ गेली तशी आमच्या तासाची कड त्याच्यापर्यंत पोचली. आधी त्याचे केस हलले. मग हात खाली आला. मग तो खोकला, आणि त्याच्या अंगाखालची लाट सुटून त्याला आमच्याकडे लोटू लागली. पांडूने त्याला काखेत धरून आत ओढलं. माझ्या एका हातात करंडा होता, दुसऱ्या हाताने मी त्याची कॉलर धरली होती.

त्याने डोळे उघडून माझ्याकडे बघितलं. त्याच्या दृष्टीने आम्ही हवेतून प्रकट झालो होतो.

"ताय," तो म्हणाला, "तू हय खंय?"

"आधी पाणी ओक," पांडू म्हणाला, "मगे इचार."

करंड्यात अजून वेळ होता. पांडूने त्याला पालथं घालून छातीतलं पाणी काढलं, होडीच्या फळीखाली ठेवलेला आपला कोरडा सदरा त्याला घातला. मी झाकण हळूहळू फिरवत राहिले. भोवती सगळा समुद्र थांबलेला, आणि मधे आम्ही तिघं. इंदूकाकीची एक पावसाळी दुपार होती ती, आणि माझा भाऊ तिच्यात श्वास घ्यायला शिकत होता.

बंदरावर आलो तेव्हा उजेड होता. सुनंदा पाण्यात शिरून होडीपर्यंत आली.

अनंता बरा झाल्यावर पुढच्या पावसाळ्यात कारखान्यात येऊन बसला. ज्यांनी तास दिले त्यांना परत भरून द्यायचे म्हणाला. भाऊसाहेबांनी करंडा घेतला आणि नंतर सांगितलं, "झोप चांगली लागली, पण स्वप्नात मासे आले." काकीने मात्र त्याला उठवून लावलं. "माझ्या झीलाच्या रजेक तुझी दुपार कित्याक? तू आपल्या बायलेवांगडा बस घराकडे."

त्याआधी, त्याच वर्षी महेश रजेवर आला तेव्हा काकीकडे एकही करंडा नव्हता. मला त्याला तोंड दाखवायला संकोच वाटत होता. तो स्वतःच कारखान्यात आला.

"मेस्त्रीनू, आवशीसाठी एक करंडो भरूचो आसा."

मेस्त्री म्हणाले, "तुझी रजा ती केवढी. त्यातलो तास हय घालवतलंस?"

"तिना इतके घातल्यान मां माझ्यासाठी. मी बोटीर गेलंय काय तिका उघडूक एक तरी ऱ्हवांदे."

तो पाटावर बसला. शेवटचा हात मीच दिला. त्याचा चेहरा झोपलेल्या मुलासारखा झाला तेव्हा काकी दाराशी येऊन उभी होती आणि तासभर तिथेच उभी राहिली. लेकाचा तास चालला होता, तो तिला डोळ्यांनी बघायचा होता असं वाटतं.

करंडा पुसून मी तिच्या हातात दिला. महेश म्हणाला, "मी गेल्यार उघड."

"नुसतो ठेवन काय करू?" काकी म्हणाली. "तू आता आसंस."

आणि तिने तिथेच, कारखान्यापुढच्या माडाखाली जाऊन झाकणाला हात घातला. आम्हाला दिसलं ते एवढंच. ती दोघं उभी होती. दुसऱ्या क्षणी ती माडाच्या बुंध्याशी बसलेली होती, शेजारी दोन फोडलेली शहाळी आणि माडाला अडकवलेला असायचा तो आमचा कोयता, आणि काकी पोट धरून हसत होती. मधल्या तासात ती दोघं काय बोलली, हे आम्हाला कळलं नाही आणि आम्ही विचारलंही नाही.

त्यानंतर बंदरावरच्या मच्छीमारांच्या खोलीत एक करंडा कायम भरलेला ठेवायचा असं ठरलं. तो कोणाच्या नावाचा नाही. समुद्रावर जो अडचणीत असेल त्याच्यासाठी. तो उघडला गेला की वाडीतलं कोणीतरी येऊन नवा भरतं, पाळी ठरलेली आहे. मध्यंतरी तो उघडला गेला, रेवंडीच्या दोन मुलांसाठी. मुलं घरी आली.

यंदा श्रावणात पाळी माझी होती. इतकी वर्षं मी त्या पाटासमोर उभी राहिले, बसले पहिल्यांदाच. मेस्त्रींच्या मुलाने लेथ सुरू केला. मी न्हाऊन आले होते, केस ओले होते. तळवा टेकला, लाखेचा वास आला. पापणी मिटून उघडली तर तो केवड्याचं पान खाली ठेवत होता.

"झाला, ताई," तो म्हणाला.

मी केसांना हात लावला. सुकले होते.